चिक्क आणि दोड्ड : मराठीभाषक चित्रकथींची मानवाकृती आणि तिची माध्यमे

बंगळूरच्या जुन्या पेठेचा नकाशा मुळात दोन रस्त्यांचा आहे. पहिल्या केंपेगौडाने १५३७च्या सुमारास नगर वसविताना जेथून चार दिशांना चार नांगर हाकविले असे परंपरा सांगते, तो चौक म्हणजे चिक्कपेट आणि दोड्डपेट या दोन मार्गांचा छेद होय. कन्नडमध्ये 'चिक्क' म्हणजे लहान, 'दोड्ड' म्हणजे मोठा. दोड्डपेटेला पुढे अव्हेन्यू रोड हे नाव मिळाले. चिक्कपेट मात्र लोकांच्या तोंडी चिकपेट होऊन टिकली आणि आज ती रेशमी वस्त्रांच्या व्यापाराची पेठ म्हणून दक्षिण भारतात सर्वत्र माहीत आहे. या चौकाभोवती जी वस्ती वाढली तिची नावे व्यवसायांवरून पडलेली आहेत. अक्कीपेट तांदळाची, बळेपेट बांगड्यांची, कुंबारपेट कुंभारांची, गाणिगरपेट तेल्यांची, अरळेपेट कापसाची. नगराने ज्या कारागिराला आपला मानले त्याला एक पेठ दिली, असा या नामावळीचा अर्थ लावता येईल.

या नामावळीत चित्रे दाखवून कथा सांगणाऱ्याची किंवा कातड्याच्या बाहुल्या नाचविणाऱ्याची पेठ नाही. ती असण्याचे कारणही नव्हते, कारण हा कलावंत फिरस्ता होता. तो गावाबाहेर उतरे, खेळ करी आणि पुढल्या गावी जाई. कन्नड मुलुखात त्याला 'किळ्ळेक्यात' अथवा 'शिळ्ळेक्यात' म्हणत, काही भागांत 'काटबू' म्हणत. त्याचा खेळ कन्नडमध्ये होई. परंतु त्याच्या घरात मराठीची एक बोली बोलली जाई, आणि अनेक कुटुंबांत ती आजही बोलली जाते. मैसूर संस्थानाच्या जनगणना-अहवालांनी या गोष्टीची नोंद केली आहे. एडगर थर्स्टन यांच्या १९०९ साली प्रसिद्ध झालेल्या दक्षिण भारतातील जातिजमातींवरील ग्रंथमालेत आणि नंजुंडय्या व अनंतकृष्ण अय्यर यांच्या मैसूरविषयक खंडांतही ती आढळते. मराठी वाङ्मयेतिहासात मात्र या नोंदीचा उपयोग फारसा झालेला दिसत नाही. तंजावरच्या सरस्वती महालातील मराठी हस्तलिखिते आपण वाचली, त्यांतील नाटके संपादित केली, आणि ते योग्यच झाले. पण ज्यांचे वाङ्मय हस्तलिखितात नसून कातड्यावर, कागदावर आणि कंठात होते, त्या मराठीभाषकांकडे पाहण्याची दृष्टी आपल्यापाशी नव्हती. ही उणीव केवळ सहानुभूतीची नाही, ती पद्धतीची आहे. भाषा ही वाङ्मयाची एकमेव ओळख मानली की घरात एक आणि रंगस्थळी दुसरी भाषा वापरणारा कलावंत दोन्ही इतिहासांतून निसटतो.

प्रस्तुत निबंधात या कलावंताने मानवाकृतीसाठी जी माध्यमे हाताळली, त्यांचा विचार करावयाचा आहे. कागद, कातडे आणि लाकूड ही ती माध्यमे. एकच आकृती, म्हणजे एकच राम, एकच रावण, एकच सीता, एका माध्यमातून दुसऱ्यात जाते तेव्हा तिचे काय होते, हा प्रश्न माध्यमांतराच्या आजच्या अभ्यासकांना नवा वाटेल. कोकणातल्या आणि कर्नाटकातल्या या मंडळींना तो पिढ्यान्‌पिढ्या हाताने सोडवावा लागला होता.

आरंभ कल्याणीपासून करणे इष्ट. चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या 'मानसोल्लास' या बाराव्या शतकाच्या पूर्वार्धातील संस्कृत ग्रंथात रंगीत चित्रांच्या साहाय्याने कथा सांगणाऱ्या चित्रकथकाचा उल्लेख येतो. कल्याणी म्हणजे आजच्या बीदर जिल्ह्यातील बसवकल्याण, मराठी आणि कन्नड या दोन्ही भाषांच्या सीमेवरचे स्थान. याच ग्रंथात देशी भाषांतील गीतांचेही नमुने आहेत आणि त्यांत मराठीचा समावेश होतो. याचा अर्थ असा की, चित्र आणि कथन यांचा हा संयोग ज्या दरबाराला माहीत होता तो दरबार मुळातच द्वैभाषिक प्रदेशात वसलेला होता. पुढे तेराव्या शतकात 'ज्ञानेश्वरी'ने सायखड्याच्या, म्हणजे दोरीने नाचविल्या जाणाऱ्या लाकडी बाहुलीच्या, दृष्टान्ताचा उपयोग केला. ज्ञानदेवांच्या श्रोत्याला सूत्र ओढणारा आणि ओढली जाणारी आकृती यांचा संबंध समजावून सांगण्याची गरज नव्हती, एवढे त्यावरून निश्चित होते. कागदाचा वापर देशात रुळल्यानंतर चित्रकथकाची चित्रे कागदावर आली असावीत. आज उपलब्ध असलेल्या चित्रांचा काळ मात्र मुख्यतः अठराव्या-एकोणिसाव्या शतकांपलीकडे जात नाही.

ही चित्रे दोन शैलींत मिळतात. एक शैली पैठणची म्हणून ओळखली जाते. पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयातील चित्रांमुळे ती अभ्यासकांपुढे आली. एकचष्मी चेहरे, मोठा टपोरा डोळा, भरीव रंगांची सपाट क्षेत्रे, पात्रांची दाटी ही तिची लक्षणे. दुसरी शैली सिंधुदुर्ग जिल्ह्यात कुडाळजवळच्या पिंगुळी गावच्या ठाकर समाजाची. सावंतवाडी संस्थानाच्या आश्रयाने हा समाज देवळांतून आणि गावांतून चित्रकथीचे प्रयोग करीत आला. चित्रांच्या एका संचाला तेथे 'पोथी' म्हणतात. हा शब्द विचार करण्यासारखा आहे. पोथी वाचायची असते. इथली पोथी दाखवायची आणि गायची असते. पानांची जोडपाने पाठीला पाठ लावून चिकटवलेली, क्रम ठरलेला, सांगणारा एकेक चित्र उभे धरतो आणि साथीदारांसह कथा पुढे नेतो. चित्रातली आकृती हलत नाही. हालचालीचे सारे काम आवाजाकडे असते: हनुमान उडी मारायच्या बेतात आहे एवढेच चित्र सांगते, उडी शब्दात घडते.

पिंगुळीच्या ठाकरांचे वेगळेपण असे की ते एवढ्यावर थांबले नाहीत. चित्रकथीबरोबरच कळसूत्री बाहुल्यांचा आणि कातडी बाहुल्यांच्या छायाखेळाचा वारसाही याच समाजाने जपला. एकाच वस्तीत, पुष्कळदा एकाच घरात, कागदावरची, लाकडातली आणि कातड्यातली आकृती नांदत आली. परशुराम गंगावणे यांनी २००६ साली आपल्या गोठ्याच्या जागेत 'ठाकर आदिवासी कला आंगण' हे संग्रहालय उभे केले आणि तिन्ही प्रकारांचे प्रयोग चालू ठेवले. २०२१ साली त्यांना पद्मश्री मिळाली. गुरांना हलवून बाहुल्यांना जागा करून देण्याची ही गोष्ट वृत्तपत्रांनी कौतुकाने छापली. अभ्यासकाच्या दृष्टीने तिच्यातला महत्त्वाचा भाग निराळा आहे. तीन माध्यमे शेजारी शेजारी ठेवलेली असतील अशी जागा अन्यत्र मिळणे कठीण, आणि तुलना करायची तर ती तेथूनच सुरू करावी लागते.

तुलनेसाठी एक साधी वस्तू घेऊ: दागिना. कागदावरच्या रामाचा दागिना हा रंग आहे. पिवळ्या रेषेवर पांढरे वा काळे ठिपके दिले की मोत्यांची माळ होते. लाकडी बाहुलीचा दागिना ही वस्तू आहे. तिला खरे वस्त्र नेसविता येते, खरे मणी घालता येतात. कातडी बाहुलीचा दागिना म्हणजे भोक. कारागीर निरनिराळ्या आकारांच्या टोच्यांनी कातडे छेदतो आणि पडद्यामागचा उजेड त्या छिद्रातून थेट येतो; त्यामुळे मुकुट, बाजूबंद, मेखला या जागी प्रेक्षकाला प्रकाशाचे बिंदू दिसतात. म्हणजे राजा जितका श्रीमंत तितके त्याच्या अंगातले कातडे कमी. कागदावर भर घालून जे साधते ते कातड्यात वजा करून साधावे लागते. चित्रकाराच्या हाताला लागलेली सवय येथे उलटी करावी लागते, आणि दोन्ही माध्यमे हाताळणाऱ्या कारागिराला ही उलटापालट सतत करावी लागली असणार.

कातड्याची कृती थोडी सविस्तर सांगावयास हवी, कारण आकृतीचे स्वरूप तिच्यातून ठरते. बहुधा शेळीचे कातडे घेतात. देवदेवतांसाठी हरणाचे कातडे श्रेष्ठ मानले जाई. १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतर तो मार्ग बंद झाला. कातडे भिजवून, केस काढून, खरवडून, ताणून वाळविले की ते अर्धपारदर्शक होते. त्यावर अणकुचीदार हत्याराने आकृती कोरतात, बाह्यरेषेवर कापतात, छिद्रे पाडतात, मग दोन्ही बाजूंनी रंग देतात. तांबडा, हिरवा, पिवळा, काळा या मोजक्या रंगांवर काम भागते. रंग पृष्ठभागावर बसून राहून चालत नाही, तो कातड्यात मुरावा लागतो. तरच उजेड त्यातून रंगीत होऊन बाहेर पडतो. येथे 'छायाखेळ' हा शब्द काहीसा फसवा ठरतो. प्रेक्षक पाहतो ती काळी सावली नसते, ती रंगीत काचेसारखी उजळलेली आकृती असते. शेवटी बांबूची चिरलेली काडी मध्यभागी उभी बांधतात. हीच बाहुलीची कणा आणि मूठ. हात वेगळे कापून दोऱ्याच्या गाठीने जोडतात.

आता कातड्याला माप असते. शेळी जेवढी तेवढे कातडे. या मर्यादेतून दक्षिणेत दोन वाटा निघालेल्या दिसतात. आंध्रमधील 'तोलुबोम्मलाट'मध्ये आकृती अनेक कातड्यांची मिळून बनते. धड, डोके, हात, पाय वेगवेगळे, आणि उभी केली की ती माणसाच्या उंचीला भिडते. कर्नाटकाच्या 'तोगलु गोंबेयाट'मध्ये लहान बाहुल्यांची आणि मोठ्या बाहुल्यांची अशा दोन परंपरा आहेत, आणि त्यांची नावे चिकपेटेच्या चौकातल्या रस्त्यांसारखीच आहेत: चिक्क आणि दोड्ड. यांपैकी लहान बाहुल्यांमध्ये एक विलक्षण प्रकार आढळतो. एकाच कातड्यावर अख्खा प्रसंग असतो: सिंहासनावर राजा, मागे चवरी ढाळणारी, पुढे सेवक, वर कमान, भोवती नक्षी. यातले कोणीच सुटे नाही, कोणाचाही हात हलत नाही. अशा तुकड्याला बाहुली म्हणावे की चित्र? पडद्याला तो टेकविला जातो, कथन होते, तो काढला जातो आणि दुसरा येतो. पिंगुळीच्या पोथीतले पान उलटणे आणि हे कातडे बदलणे यांतले साम्य योगायोगाचे मानणे कठीण आहे. कर्नाटकाची ही चिक्क परंपरा चित्रकथी आणि सुट्या अवयवांची बाहुली यांच्या मधली पायरी आहे, असे मानण्यास रूपाचा पुरावा तरी भक्कम आहे. फ्रीड्रिख सेल्टमान, व्हॅलेंटिना स्टाखे-रोझेन या जर्मन अभ्यासकांनी विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात छायाखेळाच्या आणि पिंगुळीच्या सामग्रीकडे लक्ष वेधले होते. त्यानंतर हे सूत्र मराठीत पुढे नेले गेले असते तर चित्रकथीची चर्चा केवळ 'लोकचित्रकला' या सदरात अडकून पडली नसती.

आकाराविषयी आणखी एक गोष्ट. कर्नाटकातील बाहुल्यांची उंची पात्राच्या सामाजिक स्थानानुसार ठरते. राजे आणि देव मोठे, सेवक आणि सामान्यजन लहान. अजिंठ्यापासून दरबारी लघुचित्रांपर्यंत हा संकेत भारतीय चित्रकलेला परिचित आहे. परंतु बाहुलीत तो अधिक उघडा पडतो, कारण येथे मोठे-लहानपण एका चौकटीत एकदा दाखवून भागत नाही; ती आकृती दर प्रवेशाला तेवढीच मोठी किंवा तेवढीच लहान येते. रंगभूमीवर नट बसला तर लहान दिसतो, उभा राहिला तर मोठा. कातड्यातला राजा बसलेला असला तरी उभ्या सेवकाहून उंच असतो.

या उतरंडीत सर्वांत खाली एक पात्र आहे आणि तेच सर्वांत मोकळे आहे. कन्नड खेळातला किळ्ळेक्यात काळा, बेढब, पोट सुटलेला, केस पिंजारलेले असा विदूषक. बंगारक्का ही त्याची जोडीदारीण. आंध्रात केतिगाडु आणि बंगारक्का, तमिळ प्रदेशात उच्चिकुडुंबन आणि उळुवत्तलैयन ही याच घराण्यातली पात्रे. देवांना आणि राजांना संहितेचा भार असतो. विदूषक गावची भाषा बोलतो, गावच्या सावकारावर विनोद करतो, युद्धाच्या मधोमध घुसतो. त्याची आकृती भरड कापलेली असते, तिच्यात छिद्रे थोडी, म्हणून उजेडही थोडा. पण सांधे सैल आणि हालचाल भरपूर. आकृतीचा दिमाख आणि आकृतीची चपळता यांचे प्रमाण कारागिराने व्यस्त ठेवले आहे. कन्नड समाजाने मात्र या साऱ्या कलावंतांना नाव दिले ते त्या विदूषकाचे. ज्याने राम कोरला, रावण कोरला, त्याला लोकांनी किळ्ळेक्यात म्हटले. जातीचे नाव म्हणून ते नोंदींत गेले आणि 'सिळ्ळेक्यात' या रूपात कर्नाटकाच्या अनुसूचित जातींच्या यादीत आजही आहे. सह्याद्रीच्या पलीकडे तीच कला करणारे ठाकर महाराष्ट्रात अनुसूचित जमातीत मोडतात. कलेच्या इतिहासाला प्रशासनाच्या याद्या कशा आडव्या येतात याचे हे उदाहरण आहे, आणि जातीचे दाखले काढताना ते या कुटुंबांना किती जाचत असेल ते वेगळे सांगावयास नको.

मग ही मराठी कर्नाटकात, आंध्रात आणि थेट कन्याकुमारीपर्यंत पोचली कशी? याचे एक सोपे उत्तर वारंवार दिले जाते: मराठ्यांबरोबर. १६३८ साली रणदुल्लाखानाच्या मोहिमेत बंगळूर विजापूरकरांकडे आले आणि शहाजीराजांना ते जहागिरीत मिळाले. पुढे १६८७ साली ते मैसूरच्या चिक्कदेवराजाकडे जाईपर्यंत सुमारे अर्धशतक या पेठेवर भोसल्यांचा अंमल होता. व्यंकोजीराजांनी १६७५-७६च्या सुमारास तंजावर घेतले, आणि तेथील मराठी राज्य १८५५पर्यंत टिकले. तमिळ छायाखेळाचे मराठीभाषक कलावंत, जे मंडिकर म्हणवितात, आपले मूळ या तंजावरशी जोडतात. बंगळूरच्या पेठांत आजही दिसणारी मराठी वस्ती, विशेषतः रंगाऱ्याचा आणि शिंप्याचा परंपरागत व्यवसाय असलेले भावसार क्षत्रिय व नामदेव शिंपी, हीही या इतिहासाची साक्ष म्हणून पुढे केली जाते.

हे उत्तर अर्धेच पटते. शहाजींचा बंगळूर दरबार बहुभाषिक होता याविषयी शंका नाही. जयराम पिंड्ये याचे 'राधामाधवविलासचंपू' हे काव्य वि. का. राजवाडे यांनी १९२२ साली प्रसिद्ध केले. गद्य आणि पद्य यांचे मिश्रण असलेल्या या रचनेत निरनिराळ्या भाषांतील कवी शहाजींची स्तुती करतात, आणि जयराम स्वतःला बारा भाषांचा जाणकार म्हणवितो. बारा भाषांत एका पुरुषाची आकृती उभी करणे हाही माध्यमांचाच प्रयोग म्हणता येईल. परंतु दरबारात आलेला कवी आणि गावाबाहेर उतरलेला बाहुलीवाला हे एकाच वाटेने आले असे मानण्यास आधार लागतो. चित्रकथकाचा उल्लेख शहाजींच्या पाच शतके आधी कल्याणीला सापडतो. मराठीभाषक चित्रकथी तुंगभद्रेच्या खोऱ्यात भोसल्यांच्या आधीही फिरत असणे शक्य आहे. राज्ये सैन्याबरोबर सरकतात. फिरस्ता कलावंत पाऊस, पीक, जत्रा आणि नदी यांच्या मागे जातो. थर्स्टन यांच्या नोंदीत हे लोक मासेमारीवरही निर्वाह करतात असे आढळते, आणि नदीकाठाने पसरण्याची ही वाट राजकीय नकाशावर दिसणारी नाही. 'आम्ही मराठ्यांबरोबर आलो' हे वाक्य वंशेतिहास म्हणून तपासावे लागेल. प्रतिष्ठेचा दावा म्हणून मात्र ते पूर्णतः समजण्याजोगे आहे. विदूषकाच्या नावाने ज्यांना ओळखले जाते त्यांनी राजाचे नाव जवळ करावे यात नवल काय?

तौलनिक अभ्यासाला सर्वांत अधिक देणारी गोष्ट संहितेची आहे. घरी मराठी बोलणारी ही मंडळी रंगस्थळी ज्या रामकथा सांगतात त्या एका मुळाच्या नाहीत. आंध्रात तेलुगू 'रंगनाथ रामायण', तमिळ प्रदेशात कंबरामायणाची परंपरा, कन्नडमध्ये तोरवे रामायण आणि कुमारव्यासाचे भारत यांनी घडविलेले कथन, आणि पिंगुळीत श्रीधराच्या काळापासून कीर्तन-पुराणांतून मुरलेली मराठी कथा. संहिता प्रदेशागणिक बदलली, आकृती त्या मानाने कमी बदलली. मैरावणाचा प्रसंग घ्या. पाताळात राम-लक्ष्मणांना पळवून नेणारा हा राक्षस वाल्मीकीत नाही, पण कन्नड आणि तेलुगू छायाखेळाला तो अतिशय प्रिय आहे. कारण उघड आहे: रात्र, पाताळ, मायावी रूपे, हनुमानाने धारण केलेले प्रचंड देह, दिव्याच्या उजेडात कातड्याने जे उत्तम दाखविता येते ते सारे या प्रसंगात एकत्र आले आहे. कथेची निवड कित्येकदा माध्यम करते, कवी नव्हे. आपल्या रामकथांच्या तौलनिक अभ्यासात प्रक्षेप, पाठभेद, संप्रदाय यांची चर्चा झाली. कातड्याच्या आवडीनिवडीची चर्चा व्हावयाची आहे.

मराठी-कन्नड सीमेवर आकृतीचे आणखी एक माध्यमांतर घडले, आणि ते मात्र मराठी नाट्येतिहासाच्या पहिल्याच पानावर आहे. १८४२ साली उत्तर कानडातील कर्कीची भागवत मंडळी सांगलीस आली; चिंतामणराव पटवर्धनांनी त्यांचा खेळ पाहिला आणि तशी नाटके मराठीत रचण्याची आज्ञा विष्णुदास भावे यांना केली. १८४३ साली 'सीतास्वयंवर' झाले. हा वृत्तान्त सर्वांना पाठ आहे. भावे हे कुशल बाहुलीकार होते, ही गोष्ट मात्र बहुधा चरित्रातला एक गमतीचा तपशील म्हणून सांगितली जाते. त्यांनी घडविलेल्या लाकडी बाहुल्या मागे राहिल्या आणि रामदास पाध्ये यांनी त्या दुरुस्त करून पुन्हा रंगमंचावर आणल्या. लाकडात अवयव सांधणारा हात आणि नटांना उभे करणारा हात एकच होता, हे लक्षात घेतले तर आरंभीच्या मराठी नाटकाची रीत अधिक समजते. त्या नाटकात सूत्रधार सारी कथा गाई, पात्रे त्या गाण्यानुसार हालचाल करीत आणि मधूनमधून स्वयंस्फूर्त भाषण करीत. बोलणारा एक आणि हलणारा दुसरा, ही विभागणी यक्षगानासारख्या प्रकारांत आहे तशीच ती बाहुलीच्या खेळातही आहे. भाव्यांनी ती कर्कीकरांकडून घेतली असे आपण म्हणतो. बाहुलीकार म्हणून ती त्यांच्या अंगवळणी पडलेलीच होती, असेही म्हणता येईल. जिवंत देह हे त्यांना मिळालेले नवे माध्यम. या माध्यमाला स्वतःचा आवाज असतो हे मराठी रंगभूमीला पुरते उमगायला आणखी काही दशके जावी लागली.

या सर्व सामग्रीचा इतिहास लिहिताना एक अडचण पुन्हा पुन्हा येते: जुने नमुने थोडे आहेत. त्याचे कारण हवामान आणि कीड एवढेच नाही. बाहुली ही वस्तू नसून देहधारी पात्र आहे, या श्रद्धेने जीर्ण बाहुल्या विधिपूर्वक नदीत सोडण्याची चाल दक्षिणेत आहे. कलावंताने त्यांना मेलेले मानले आणि मेलेल्याला जे द्यायचे ते दिले. संग्रहालयांनी ज्या बाहुल्या मिळविल्या त्या एका अर्थाने अंत्यविधी चुकलेल्या बाहुल्या आहेत. बंगळूरला १९६० साली स्थापन झालेल्या कर्नाटक चित्रकला परिषदेने, तिचे संस्थापक एम. एस. नंजुंड राव यांच्या पुढाकाराने, चामडी बाहुल्यांचा मोठा संग्रह केला. तो नसता तर चिक्क परंपरेतील प्रसंगपट्ट आज किती पाहायला मिळाले असते, सांगवत नाही. या कामाचे मोल मोठे आहे. तरीही दालनात टांगलेली बाहुली समोरून उजळलेली असते, मागून नव्हे. तिचा रंग कातड्यात मुरविलेला असतो तो ज्यासाठी, तो उजेड तेथे नसतो. दागिन्यांच्या जागी भिंत दिसते. चित्र म्हणून पाहिली जाते तेव्हा ती ओबडधोबड वाटते आणि अभ्यासक तिला चित्रकलेच्या निकषांनी मोजू लागतात. पिंगुळीच्या चित्रांचेही असेच झाले. चौकटीत बसविलेले पान सुंदर दिसते, पण पोथीतल्या क्रमातून सुटलेले ते पान कथेतला कोणता क्षण आहे हे पाहणाऱ्याला कळत नाही.

उपजीविकेने माध्यमाला दुसरीकडे नेले. आंध्रातील निम्मलकुंट येथील मराठी मूळ सांगणारे कारागीर तेच कातडे, तीच छिद्रे, तेच रंग वापरून दिव्यांची आवरणे करू लागले. त्याच गावचे दलवाई चलपति राव यांना २०२० साली पद्मश्री मिळाली. दिव्याच्या आवरणावर राम असतो, उजेडही मागूनच येतो, मात्र तो राम हलत नाही आणि त्याच्याविषयी कोणी गात नाही. हा ऱ्हास म्हणावा काय? तसे म्हणण्याचा मोह आवरावा. चित्रकथीच्या पानातली आकृतीही हलत नव्हती. तिच्या शेजारी सांगणारा होता एवढाच फरक, आणि तो फरक बाजाराने केला आहे, कारागिराने नव्हे. बळ्ळारीचे बेळगल्लु वीरण्णा, जे २०२३ साली अपघातात गेले, त्यांनी महात्मा गांधींच्या जीवनावर चामडी बाहुल्यांचा खेळ उभा केला. मुकुट नाही, बाजूबंद नाही, अंगावर पंचा: ज्या माध्यमात थोरवी छिद्रांनी दाखविली जाते त्यात हा पुरुष कसा कोरायचा, हा प्रश्न शिल्पकारांना पडला त्याहून अवघड होता.

कोप्पळ जिल्ह्यातील मोरनाळ येथील भीमव्वा दोड्डबाळप्पा शिळ्ळेक्यातर यांना वयाच्या नव्वदीनंतर, २०२५ साली, पद्मश्री जाहीर झाली. स्त्रिया या परंपरेत पडद्यामागे सर्वत्र आहेत. स्त्रीपात्रांचे आवाज, गायन आणि साथ त्यांच्याकडे असते. तरी नाव बहुधा घरातल्या पुरुषाचे लागे. भीमव्वांच्या नावातच समाजाचे ते नाव आहे, विदूषकाचे, आणि आता ते राष्ट्रपती भवनाच्या यादीत गेले आहे. सन्मानाची नोंद साहजिकच कर्नाटकाच्या खात्यावर झाली, जशी चार वर्षांपूर्वी पिंगुळीची महाराष्ट्राच्या आणि त्याच्या आदल्या वर्षी निम्मलकुंटची आंध्रच्या खात्यावर झाली होती. या तिन्ही ठिकाणच्या घरांत कातड्याला, काडीला, टोच्याला, पडद्याला आणि दिव्याला कोणते शब्द वापरतात ते एकत्र मांडून पाहिले तर भोसल्यांबरोबर येण्याचा प्रश्न दरबारी कागदांपेक्षा अधिक खात्रीने सुटू शकेल. कोणते शब्द मराठी राहिले, कोणते कन्नड-तेलुगूतून आले, आणि कोणते कोकणातल्या ठाकरांच्या बोलीशी जुळतात, हे पाहण्यासाठी तीन राज्यांत फिरावे लागेल आणि चार भाषा ऐकाव्या लागतील. त्या घरांतल्या वृद्ध स्त्रियांपासून या कामाला सुरुवात करणे सोयीचे, कारण खेळाची भाषा पुरुषांच्या तोंडी बसलेली असली तरी घरची बोली त्यांच्याच जवळ अधिक शाबूत आहे.